ताटात न पडणारी ओवाळणी

तीनेक वर्षांपूर्वीची भाऊबीज. दादा म्युनिकला, मी पुण्यात आईकडे. पाटावर दादाच्या जागी फोन, त्याला मागून टेकू म्हणून पाण्याचा तांब्या. स्क्रीनवर दादा लोकरीची टोपी घालून बसलेला. डोकं झाकलंय ना, मग झालं, एवढ्यावर आईने समाधान मानलं. मी सुपारी-अंगठी ओवाळली, निरांजन ओवाळलं, अक्षता टाकल्या (त्यातली एक चार्जिंगच्या भोकात गेली, ती काढायला नंतर टाचणी लागली). मग दादा म्हणाला, "ओवाळणी पाठवलीय बघ. मेल आला का?"

आला होता. मी तिथेच लॅपटॉप उघडला, भेट स्वीकारली, आणि 'हॉलो नाइट' नावाचा कॉम्प्युटर गेम माझ्या स्टीमच्या, म्हणजे गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानातल्या, लायब्ररीत जाऊन बसला. मी खूश, दादा खूश. आई मात्र ताट धरून तशीच उभी.

"पण ताटात काय पडलं?"

ताटात काहीच पडलं नव्हतं. मी समजावलं की गेम आलाय, विकतचा आहे, ऑस्ट्रेलियातल्या दोन-तीन जणांनी मिळून केलेला फार सुंदर गेम आहे, दादाने युरो मोजलेत. युरो ऐकल्यावर आईने पुढचा प्रश्न विचारला, "इथे केवढ्याला मिळतो?" मी खरं सांगितलं. इथे बराच स्वस्त. "मग तुझा तूच घ्यायचास, त्याने पैसे पाठवले असते." शेवटी मी वहीचं पान फाडून त्यावर गेमचं नाव लिहिलं, चार घड्या घातल्या, आणि दादाच्या वतीने आईनेच ती चिठ्ठी ताटात टाकली. वर एक रुपयाचं नाणं.

तेव्हा हसलो आम्ही. पण गेम भेट देण्याचा विषय निघाला की मला आईचं ते ताट आठवतं. आणि हल्ली हा विषय बराच निघतो, कारण माझ्या वयाच्या बायकांना आता भाचे-पुतणे आहेत, आणि त्यांना शर्टपीस नको असतो.

आईच्या लोखंडी कपाटातला खालचा कप्पा आहेराचा. ब्लाउजपीस, टॉवेल-टोपी, न उघडलेला लेमन सेट, दोन भिंतीवरची घड्याळं. कोणाचं काही निघालं की त्यातून उचलायचं. कोणाकडून काय आलं त्याची चिठ्ठी प्रत्येक वस्तूला टाचलेली, कारण ज्याचं त्यालाच परत गेलं तर वर्षभर बोलणी. आहेर फिरतो. फिरता फिरता एखादं घड्याळ चार लग्नं बघून येतं, पण त्यात सेल कोणी घातलेला नसतो.

स्टीमवरही २०१७ पर्यंत असंच एक कपाट होतं. सेल लागला की गेम 'भेट' म्हणून घेऊन ठेवायचा, कोणाला द्यायचा ते ठरलेलं नसलं तरी चालायचं. तो आपल्या इन्व्हेंटरीत, म्हणजे खात्यातल्या साठ्यात, पडून राहायचा. काही गेमचे चार-चार प्रतींचे जुडगे मिळायचे. आम्ही कॉलेजच्या चौघांनी 'टेरारिया' असाच वर्गणी काढून घेतला होता, तोही एकीच्या बाबांच्या क्रेडिट कार्डावर, कारण तेव्हा भारतात स्टीमवर किमती डॉलरमध्ये होत्या. रुपये आले २०१५ च्या नोव्हेंबरात.

पण कपाट म्हटलं की दुकान थाटणारेही आलेच. जिथे स्वस्त तिथे घ्यायचं, साठवायचं आणि महाग देशातल्यांना विकायचं, असा धंदा काही जणांनी मांडला. मे २०१७ मध्ये स्टीमने कपाटच बंद केलं. आता पैसे भरतानाच नाव सांगायचं, गेम थेट त्या मित्राकडे जातो. तारीख आधी ठरवून ठेवता येते. स्वस्त देशातून फार महाग देशात भेट जातच नाही. समोरच्याने नाकारली तर पैसे देणाऱ्याकडे परत. आणि एकदा स्वीकारली की ती त्याची, त्याला ती पुढे कोणाला देता येत नाही.

तेव्हा मी खूप चिडले होते. आता वाटतं, बरं झालं. फिरवता न येणारा आहेर आहे हा. तो देताना एकच माणूस डोळ्यांसमोर लागतो, तो काय खेळतो, काय त्याला झेपत नाही, कुठला गेम त्याच्याकडे आधीच आहे, हे माहीत असावं लागतं. कपाटातून उचलून देता येत नाही.

म्हणूनच मला गिफ्ट कार्डाचा राग येतो. हो, सोय आहे. मुलं म्हणतात, मावशी कार्डच दे, आमचं आम्ही घेऊ. पण ते पाकीटच की! आणि पाकिटात निदान वरचा एक रुपया तरी असतो. कार्डाला गोल आकडेच लागतात, पाचशे एकचं कार्ड कोणी काढत नाही. ज्याला ओळखत नाही त्याला पाकीट द्यावं. भाचीला गेम द्यावा.

एवढं शहाणपण शिकवल्यावर माझीच फजिती सांगते.

मावसबहिणीची मुलगी कोल्हापूरला. तिला तेरा वर्षं झाली तेव्हा मी तिला 'राजी' भेट दिला. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने केलेला गेम, २०२० मध्ये आला. राजी आणि तिचा धाकटा भाऊ गोलू, राक्षस गोलूला पळवून नेतात आणि ही पोर त्रिशूळ घेऊन त्याला शोधायला निघते. महाल, हवेल्या, जाळ्यांच्या खिडक्या, भिंतींवरच्या चित्रांतून उलगडणारी गोष्ट. मला वाटलं, तलवारवाले परदेशी दाढीवाले किती दिवस खेळायचे, आपल्याकडच्या पोरीला आपल्याकडची नायिका देऊ. संदेशाच्या छोट्याशा चौकटीत कापून-छाटून मजकूर बसवला. तासाभरात उत्तर आलं, "लय भारी आहे मावशी, थँक्यू!!" आणि पुढे सहा बदाम.

पंधरा-वीस दिवसांनी किती खेळली ते बघायला मी सहज स्टीमवर तिचं प्रोफाइल उघडलं. राजी, ०.२ तास.

०.२ तास म्हणजे बारा मिनिटं. म्हटलं परीक्षा असेल. महिन्याने बघितलं, ०.२. दिवाळीनंतर बघितलं, ०.२. मधल्या काळात तिच्या मोबाइलवर मात्र कसलं तरी गोळीबाराचं चाललेलं, ते स्टेटसला दिसायचं. मी आईकडे कुरकुरले, "हल्लीच्या मुलांना कशाची किंमतच नाही." आई म्हणाली, "तू तुझ्या आत्याच्या वळणावर चाललीयस." आमची आत्या. तिने दिलेली साडी नेसून कोणी दिसलं नाही की ती भर मांडवात विचारायची, "अगं, मी दिलेली ती मोरपंखी कुठंय?" लोक तिच्याकडे जाताना साड्या बदलून जायचे.

मे महिन्यात कोल्हापूरला गेले. भाचीने न विचारताच लॅपटॉप उघडून दाखवला, बहुधा मनावर ओझं होतं. तिच्या बाबांच्या ऑफिसातून बाद झालेला लॅपटॉप, वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही, पंखा सुरू झाला की मिक्सर लावल्यासारखा आवाज. राजी एक पाऊल टाकायची, थांबायची, मग एकदम तीन पावलं पुढे जाऊन खड्ड्यात पडायची. घाटात मागे रेलणारी एसटी आठवावी असा वेग. त्या बारा मिनिटांत पोरीने सोळा वेळा खड्ड्यात उडी मारली होती. मोजल्या होत्या तिने.

"मग सांगितलं का नाहीस?"

"एवढं प्रेमानं दिलंस मावशी, चालत नाही म्हणून कसं सांगू?"

यात गंमत अशी की परत करायची सोय होती. घेतल्यापासून चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळलेला असेल तर स्टीम पैसे परत देतं, भेट आलेल्या गेमचेसुद्धा. विनंती घेणाऱ्याने करायची, पैसे देणाऱ्याला मिळतात. कागदावर छान आहे. पण आपल्याकडे आहेर परत पाठवणं म्हणजे बोलणं बंद झाल्याची खूण. तेरा वर्षांची मुलगी मावशीचा आहेर परत करणार? चौदा दिवस काय, चौदा वर्षं ती गप्प बसली असती.

चूक माझीच. ब्लाउज शिवायला टाकताना माप देतो आपण. मी लॅपटॉपचं माप घेतलं नव्हतं. गेमच्या पानावर खाली कुठली मशीन लागते ते स्पष्ट लिहिलेलं असतं, मी वरची चित्रं बघून खाली उतरलेच नव्हते. नंतर तिला 'स्टारड्यू व्हॅली' दिला, तो कुठल्याही जुन्यापान्या मशीनवर चालतो. तिचे किती तास झाले मला माहीत नाही. बघायचंच नाही असं ठरवलंय. ब्लाउजपीस देणाऱ्याला तो कपाटात पडलाय की अंगावर चढलाय हे कळत नाही, म्हणून तर नाती टिकतात. गेम देणाऱ्याला दशांशापर्यंत हिशेब दिसतो. दिसतो म्हणून बघायलाच हवा असं नाही. (दादाने मला दिलेला एक ट्रेन चालवायचा गेम आहे. शून्य तास. तो आजवर एका शब्दाने बोललेला नाही. चांगला भाऊ आहे.)

एक प्रकार मात्र असा आहे की जिथे तास बघावेच लागत नाहीत, कारण ते तास दोघांचेच असतात. 'इट टेक्स टू' हा २०२१ चा गेम दोघांनीच खेळायचा, एकट्याला खेळताच येत नाही, आणि एकाने घेतला की दुसऱ्याला फुकट सामील होता येतं. दादाने घेतला, मी सामील. गोष्ट भांडकुदळ नवरा-बायकोची आहे, ते बहीण-भावाने खेळायला जरा ऑड वाटलं, पण पहिल्याच तासात एका व्हॅक्यूम क्लीनरशी अशी मारामारी झाली की नातं विसरलो. रविवारी इथे रात्रीचे नऊ, तिकडे दुपारचे साडेपाच. आई आतून ओरडायची, "काय 'उडी मार, उडी मार' लावलंय?" ओवाळणी कशाला म्हणायचं तर मी त्या रविवारांना म्हणेन, पण ते लिहून चिठ्ठी ताटात टाकता येत नाही.

आता आईच्या मूळ प्रश्नाकडे येते. ताटात काय पडलं?

खरं उत्तर, परवानगी पडली. डिजिटल गेम विकत घेतो म्हणजे तो खेळायचा परवाना घेतो, हे पहिल्यापासून बारीक अक्षरांत होतंच. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू झाला की हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगायचं, तेव्हा त्याच्या थोडं आधीपासून स्टीमने पैसे भरायच्या पानावरच तसं लिहायला सुरुवात केली. परवाना म्हणजे काय ते 'द क्रू'वाल्यांना कळलं. युबीसॉफ्ट कंपनीचा हा गाड्यांचा गेम २०१४ चा, ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाले आणि गेमच बंद पडला, एकट्याने चालवायचा भागसुद्धा. कोणाला वाढदिवसाला दिलेला असेल, कोणाला नाताळात. लोखंडी कपाटातलं घड्याळ निदान कंपनी बुडाली म्हणून नाहीसं होत नाही.

आमच्या लहानपणी, सांगलीत, गेम फिरायचे. २००२ च्या सुमारास कॉम्प्युटर क्लासवाल्या एका मुलाने 'हीरोज ऑफ माइट अँड मॅजिक ३' ची सीडी आम्हाला कॉपी करून दिली होती. (चोरीचीच. तेव्हा विकतची कुठे मिळते हेच माहीत नव्हतं.) वर मार्करने नुसतं 'हीरोज'. एकाच कॉम्प्युटरवर आळीपाळीने खेळायचा. माझी पाळी असली की दादाने भिंतीकडे तोंड करून बसायचं, माझं सैन्य बघायचं नाही. तो कायम हाडांच्या सापळ्यांची नगरी घ्यायचा, मी देवदूतांची. तो भिंतीवरच्या कॅलेंडरच्या काचेतून बघायचा हे मला दहावीत कळलं. ती सीडी मामेभावाकडे गेली, तिथून त्याच्या मित्राकडे, आणि परत आली तेव्हा इतकी चरे पडलेली होती की टूथपेस्ट घासूनही चालली नाही.

गेल्या भाऊबीजेला दादाने मला तोच गेम पाठवला. स्टीमवरून नाही, गॉगवरून. पोलंडमधल्या सीडी प्रोजेक्टने २००८ मध्ये जुने गेम विकायला काढलेलं दुकान. परवाना तिथेही परवानाच, पण इन्स्टॉलरची फाइल उतरवून आपल्याकडे ठेवता येते, आणि मग ती चालवायला कोणाचा सर्व्हर लागत नाही. मी आदल्या रात्री ती उतरवली आणि पेनड्राइव्हवर घातली.

फोन तांब्याला टेकवला. निरांजन ओवाळलं. दादाने खूण केली आणि मी पेनड्राइव्ह आईच्या हातात दिला.

आईने तो उलटसुलट करून बघितला. "यात काय आहे?"

"हीरोज. आमचा तो सांगलीचा."

"ज्याच्यापायी तुझी दहावीची प्रिलिम गेली तो?" फोनमधून दादा हसायला लागला. आईने त्याच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि मग पेनड्राइव्हला नीट हळद-कुंकू लावून तो ताटात ठेवला. हळद त्याच्या पुढच्या पत्र्याच्या तोंडात गेली. मी कापसाने पुसली, फुंकर मारली, लॅपटॉपला लावला. तिकडे दादाने आधीच खुर्ची भिंतीकडे फिरवून ठेवली होती.