राखून ठेवलेला डाव : एका प्रतिक्रियेला उत्तर

काका, सादर नमस्कार.

हांगझोऊच्या एशियाडमधल्या कबड्डीवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही जे लिहिलंत, ते मी दोनदा वाचलं आणि मग आईला वाचून दाखवलं. आई म्हणाली, "हे गृहस्थ स्वतः खेळलेले दिसतात. दोन ओळींत बोळवण करू नकोस." म्हणून हे सविस्तर उत्तर.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी काकांचे मुद्दे थोडक्यात सांगते. मी लेखात म्हटलं होतं की २०१८ साली जकार्ताच्या एशियाडला आपण कबड्डीत हरलो ते खेळाच्या भल्याचं झालं. काकांना हे वाक्य लागलं. ज्या बडोद्यात हुतूतू नियमांत बसवून खेळवला गेला, त्या गावच्या मुलीनं भारताच्या पराभवात भलं पाहावं, याचं त्यांना दुःख झालं. दुसरं, त्या वेळी इराणच्या मुलींना शिकवणाऱ्या शैलजा जैन यांचं मी कौतुक केलं. काका लिहितात, "वस्ताद सगळे डाव शिकवतो, एक राखून ठेवतो. या बाईंनी तोही परक्यांना देऊन टाकला." आणि तिसरं, हांगझोऊचं मुलींचं सुवर्ण मी एका ओळीत उरकलं, हा त्या मुलींवर अन्याय आहे.

तिसऱ्या मुद्द्यापासून सुरुवात करते, कारण तिथे तुमचं शंभर टक्के बरोबर आहे. "दोन्ही सुवर्णं अपेक्षेप्रमाणे आली" असं मी लिहिलं होतं. ते चूक होतं. साखळी सामन्यात चायनीज तैपेईनं, म्हणजे तैवाननं, आपल्याला ३४-३४ असं बरोबरीत रोखलं होतं. ७ ऑक्टोबर २०२३ च्या अंतिम सामन्यात त्यांच्याशीच आपण २६-२५ नं जिंकलो. एका गुणानं! शेवटच्या मिनिटाला एखादीचा चवडा मध्यरेषेच्या चार बोटं अलीकडे राहिला असता तर सुवर्णाचं रौप्य झालं असतं. त्या स्पर्धेत भारताला १०७ पदकं मिळाली आणि त्यातलं शंभरावं या मुलींचं होतं. रितू नेगीच्या संघानं घाम गाळून मिळवलेल्या गोष्टीला मी "अपेक्षेप्रमाणे" म्हटलं. लेखातली ती ओळ आज बदलली आहे आणि ती तुमच्या सांगण्यावरून बदलली, असं तिथेच नोंदवलं आहे.

पण काका, हीच ओळ मला तुमच्या पहिल्या मुद्द्याकडे नेते. ही एका गुणाची लढत इतकी मोलाची का वाटते? समोर कुणीतरी उभं होतं म्हणून.

१९९० साली बीजिंगला कबड्डी पहिल्यांदा एशियाडमध्ये आली, तेव्हापासून २०१४ पर्यंत आपल्या पुरुषांनी सलग सात सुवर्णं जिंकली. मी त्यातली बरीच वर्षं कॉलेजात आणि क्लबात डावा कोपरा सांभाळत होते. आम्हाला त्या सुवर्णांचा अभिमान होता, पण खरं सांगते, त्यातला एकही सामना मैदानावर बसून आम्ही चर्चिला नाही. कुठली चढाई फसली, बचावातली हात धरलेली कुठली साखळी सुटली, काही नाही. बातमी यायची, पेढे वाटले जायचे, विषय संपायचा. बायकांची कबड्डी तर एशियाडमध्ये २०१० पर्यंत नव्हतीच. आमच्या पिढीतल्या मुलींनी कितीही घोटे धरले तरी त्यांना भारताच्या जर्सीत एशियाड खेळायला मिळणार नव्हतं, कारण पुरेसे देश खेळतच नव्हते. ही सल माझ्या मनात आजही आहे. दुसऱ्या देशांनी हा खेळ शिकावा असं मी म्हणते त्यामागे ती आहे.

आता इराणकडे बघा. २०१० ला ग्वांगझोऊच्या अंतिम सामन्यात आपण त्यांना ३७-२० नं हरवलं. चार वर्षांनी इंचॉनला हाच सामना २७-२५ झाला. सतरा गुणांचा फरक दोनवर आला, तेव्हाच आपण दचकायला हवं होतं. २०१६ च्या ऑक्टोबरात अहमदाबादला विश्वचषक झाला, तेव्हा मी भाचीला घेऊन गेले होते. पहिल्याच सामन्यात कोरियानं आपल्याला ३४-३२ नं हरवलं. जांग कुन ली शेवटी शेवटी चढाईला आला तेव्हा स्टेडियममध्ये जी शांतता झाली ती अजून कानात आहे. पुढे आपण सावरलो, अंतिम सामन्यात इराणला ३८-२९ नं हरवलं आणि ती शांतता सगळे विसरून गेले. परतीच्या वाटेवर गाडीत लोक गरबा म्हणत होते. मीही म्हणत होते.

मग जकार्ता. साखळीत कोरियाकडून २४-२३, उपांत्य सामन्यात इराणकडून २७-१८, आणि दुसऱ्या दिवशी मुलींचा अंतिम सामना, तोही इराणकडून २७-२४. काका, तुम्हाला वाटतं मी त्या दिवशी आनंदात होते. नव्हते. अजय ठाकूर कपाळाला जखम होऊन पट्टी बांधून बसला होता ते दृश्य बघून आईनं टीव्ही बंद केला होता. रात्री जेवण गेलं नाही. "भलं झालं" हे मी पाच वर्षांनी, हांगझोऊ पाहिल्यावर लिहिलं. त्या रात्री कुणी मला तसं म्हणालं असतं तर मीही तुमच्याइतकीच चिडले असते.

पण त्या रात्रीनंतर आमच्या मैदानावर काय झालं ते सांगते. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मुली आल्या त्या मोबाईलवर इराणच्या बचावाची चित्रफीत घेऊन. ती साखळी कशी लावतात, कोपऱ्यातली मुलगी घोट्यावर जाते तेव्हा तिच्या शेजारची कुठे उभी असते, चढाई करणारीला आत किती येऊ देतात. आठवडाभर तेच चाललं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा आमच्या मुलींनी परदेशी संघाचा खेळ अभ्यासला. आपण सुवर्ण जिंकलं असतं तर त्या आल्या असत्या, पेढा खाल्ला असता आणि नेहमीसारखे पाय मोकळे करून घरी गेल्या असत्या.

इराणी खेळाडू पकडीत इतके पक्के का, याचं उत्तर तुमच्यासारख्या तालमीतल्या माणसाला मी काय सांगावं. कुस्ती त्यांच्या घरात आहे. त्यांच्या जूरखान्यात, म्हणजे तालमीत, ते लाकडी मील फिरवतात, आपण मुदगल आणि जोडी फिरवतो. दम धरून खेळायचा 'झू' नावाचा त्यांचा जुना खेळही आहे. म्हणजे हुतूतूसाठी लागणारी कंबर आणि मनगट त्यांच्याकडे आधीपासून होतं. कमी होतं ते डावपेचांचं शिक्षण आणि मोठे सामने खेळायचा सराव. २०१४ पासून आपल्याकडच्या प्रो कबड्डी लीगनं तो सराव दिला. त्यांचा फझल अत्राचली डाव्या कोपऱ्यातून ज्या बेतानं घोट्यावर झेपावतो ते मी माझ्या भाचीला पुन्हा पुन्हा दाखवते. माझी स्वतःची जागा तीच होती म्हणून सांगते, तो हात टाकण्याआधी चढाईपटूच्या मागच्या पायाचं वजन कधी सुटतं याची वाट बघतो. अर्धा क्षण. तेवढा धीर माझ्यात कधीच नव्हता.

शिक्षणाचा भाग शैलजाताईंकडे येतो. नाशिकच्या या बाईंनी उभी हयात महाराष्ट्रात मुलींना कबड्डी शिकवण्यात घालवली. भारतीय संघाची जबाबदारी त्यांच्याकडे नव्हती. इराणनं बोलावलं, त्या गेल्या. निवृत्तीच्या वयात, परक्या भाषेच्या देशात. तिथल्या मुलींकडून प्राणायाम करून घेतला, दम वाढवला, डाव बसवले. आणि जकार्ताच्या अंतिम सामन्यात समोर आपलाच संघ उभा राहिला, तेव्हा त्यांनी आपल्या शिष्यांच्या बाजूनं मन लावून काम केलं. याला तुम्ही "परक्यांना देऊन टाकलं" म्हणता. मी त्याला गुरूनं शिष्याशी राखलेलं इमान म्हणते. अर्धवट शिकवून, मनात कुठेतरी भारताच्या बाजूनं राहून त्या तिथे बसल्या असत्या, तर मला त्यांचा आदर वाटला नसता.

वस्तादाच्या राखलेल्या डावाची गोष्ट मीही लहानपणापासून ऐकत आले आहे. शिष्य माजतो, गुरूला आव्हान देतो आणि गुरू तो एक डाव टाकून त्याला आस्मान दाखवतो. आखाड्यात ही गोष्ट शोभते, कारण तिथे माजलेल्या शिष्याची रग उतरवायची असते. पण मी ती प्रत्यक्षात घडताना पाहिली आहे, आणि ती गोष्टीतल्यासारखी नव्हती.

आमच्या क्लबात एक सर होते, नाव लिहीत नाही. पकडीचं त्यांच्याइतकं ज्ञान मी नंतर कुणाकडे पाहिलं नाही. मांडी धरून चढाई करणारीला उचलायचं नाही, वळवायचं, आणि ती वळली की दुसरीनं कंबर बांधायची, असा त्यांचा एक दुहेरी डाव होता. तो त्यांनी दोन मुलांना दिला. मुलींना नाही. आम्ही विचारलं की म्हणायचे, "सगळं दिलं तर माझ्याकडे काय उरेल?" ती दोन मुलं पुढे नोकरीला लागली, खेळ सुटला. सर गेले. आमच्या संघाला पुढची कितीतरी वर्षं उंच चढाईपटू सांभाळता आली नाही, कारण मांडीवरून ती निसटायची. त्या डावाची चाहूल मला आहे, हातांची जागा आठवते, पण पायांची नाही. मी मुलींना तो शिकवायचा खूप प्रयत्न केला. जमत नाही. तो डाव सरांबरोबर गेला, काका. त्याचा कुणालाच उपयोग झाला नाही.

तुम्ही बडोद्याची आठवण करून दिलीत, तर मीही देते. १९२३ साली आपल्या हिंद विजय जिमखान्यानं अखिल भारतीय सामने भरवले, सुधारलेल्या नियमांनी. नियम छापून गावोगावच्या संघांना बोलवायचं म्हणजे काय? आपला खेळ लोकांच्या हाती द्यायचा, आणि त्यांनी येऊन आपल्याला हरवलं तरी चालेल असं ठरवायचं. याच गावात जुम्मादादांच्या तालमीत प्रोफेसर माणिकरावांनी शेकडो पोरं घडवली. याच गावात द. चिं. मुजुमदारांनी व्यायाम-ज्ञानकोशाचे दहा खंड काढले. कुस्ती, मल्लखांब, लाठी, हुतूतू, जे जे हाती लागलं ते चित्रांसकट छापलं. राखायचा डाव असता तर तो आधी त्यांनी राखला असता. बडोद्याचा वारसा म्हणून तुम्ही जो सांगता, तो मला असा दिसतो.

हांगझोऊच्या पुरुषांच्या अंतिम सामन्याबद्दल मी लेखात फार लिहिलं नाही, तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. २८-२८, एकच मिनिट उरलेलं, पवन सेहरावतची गुण घ्या नाहीतर बाद व्हा अशी चढाई. कुणाला स्पर्श न होता तो लॉबीत, म्हणजे मैदानाच्या कडेच्या पट्टीत, गेला, त्याच्यामागे इराणचे खेळाडूही गेले, आणि मग कुठला नियम लावायचा यावरून जवळजवळ तासभर खेळ थांबला. शेवटी निकाल आपल्या बाजूनं लागला आणि आपण ३३-२९ नं जिंकलो. सुवर्ण आपलं आहे, त्याबद्दल मला शंका नाही. पण नियमांची छापील परंपरा ज्यांनी सुरू केली त्यांच्या खेळात, एवढ्या मोठ्या सामन्यात, दोन नियमपुस्तिकांवरून वाद व्हावा याची मला लाज वाटली. जकार्ताच्या पराभवाची कधी वाटली नाही.

त्याच सामन्यात इराणकडून मोहम्मदरेझा शादलू खेळला आणि आपल्याकडून अस्लम इनामदार. पुढच्या मार्चमध्ये दोघांनी पुणेरी पलटणच्या एकाच जर्सीत प्रो कबड्डी जिंकली, अस्लम कर्णधार. शादलूसाठी पुण्यानं २ कोटी ३५ लाख मोजले होते. पुण्यातल्या पोरांनी त्याच्या नावाचा जयघोष केला तेव्हा तो कुणाला परका वाटला नाही.

तुमच्या प्रतिक्रियेतलं शेवटचं वाक्य मी मुद्दाम मागे ठेवलं होतं. तुम्ही लिहिलंय की तुमच्या वस्तादांनी तुम्हाला एक पकड दिली होती, "आत ओढून मांडीवर घेण्याची", आणि ती तुम्ही आजवर कुणाला दिली नाही. हे वाचल्यापासून माझं मन लागत नाहीये. वर्णनावरून ती सरांचीच पकड वाटते, किंवा तिची सख्खी बहीण. पायांची जागा तुम्हाला आठवत असेल.

आमच्या मुली रोज संध्याकाळी साडेपाचला मैदानावर असतात, रविवारी सकाळी सातला. तुम्ही येता म्हणून कळवलंत तर भाची स्कूटरवर तुम्हाला घ्यायला येईल. तुम्हाला वाकायला लागू नये म्हणून मी स्वतः चढाई करणारीच्या जागी उभी राहीन आणि तुम्ही नुसतं बोटानं दाखवा, कुठला पाय कुठे.