नीलगिरीचे माहेर

आमच्या शेताच्या बांधावर नीलगिरीची रांग होती. पान चुरगळले की सर्दीवरच्या तेलाचा वास हाताला बराच वेळ राही. घरची वडीलधारी मंडळी मात्र त्या झाडांकडे बोट दाखवून म्हणत, "विहिरीचं पाणी हीच पितात." वड, पिंपळ, उंबर यांच्याभोवती आपल्याकडे पार आहेत, व्रते आहेत, मुंजाच्या गोष्टी आहेत, नीलगिरीच्या वाट्याला यातले काहीच आले नाही. तिचे मराठी नावसुद्धा ज्या डोंगरांवर इंग्रजांनी ती एकोणिसाव्या शतकात लावली, त्या डोंगरांचे आहे. पुढे ऑस्ट्रेलियातील कथा वाचू लागलो, तेव्हा या झाडाच्या माहेरी एका देशाचे कथावाङ्मय त्याच्याच आधाराने उभे राहिले आहे, हे ध्यानात आले.

तेथे 'बुश' म्हणजे केवळ झाडी नव्हे. शहराबाहेरचा रानवट मुलूख, विरळ वस्ती, मेंढ्यांचे कळप, दुष्काळ आणि वणवा हे सारे त्या एका शब्दात येते. युरोपातून आलेल्या वसाहतवाल्यांना हे रान आरंभी परके वाटले, कारण गम ट्री म्हणजे नीलगिरीची पाने उभी लोंबतात, त्यामुळे सावली विरळ पडते आणि बऱ्याच जातींची पाने झडण्याऐवजी सालच सोलून खाली येते. त्यांनी दिसेल त्या झाडाला मायदेशातील नाव चिकटवले. लाकूड ओकसारखे दिसले म्हणून एक झाड 'शी-ओक' झाले, तर सफरचंदाशी काही नाते नसलेले दुसरे 'नेटिव्ह ॲपल' झाले.

ऑस्ट्रेलियन कथाकार हेन्री लॉसनची 'द ड्रोव्हर्स वाइफ' (कळप हाकणाऱ्याची बायको) ही कथा १८९२ साली सिडनीच्या 'बुलेटिन' या साप्ताहिकात आली. नवरा मेंढ्यांमागे दूर गेलेला, चार मुले, एक कुत्रा आणि घराखाली शिरलेला साप, एवढाच तिचा ऐवज. पण तिच्यात एकही झाड शोभेसाठी नाही, असे माझे मत आहे. दोन खोल्यांचे घर ओंडक्यांचे, फळ्यांचे आणि स्ट्रिंगीबार्क या नीलगिरीच्या जातीच्या सालीचे आहे. वणवा येतो तेव्हा ती बाई नवऱ्याची जुनी विजार चढवून हिरव्या फांदीने ज्वाला झोडपते. आणि साप राखत रात्र जागताना चुलीसाठी सरपण आणायला जाते, तेव्हा एक लाकूड ओढताच अख्खा ढीग कोसळतो, कारण तो आतून पोकळ रचलेला असतो.

याच ढिगाशी मी दर वेळी थांबतो. तो रचणारा मूलनिवासी माणूस आहे आणि त्याने तंबाखूच्या मोबदल्यात तिला फसवलेले आहे. कूलिबा, जॅरा, मल्ली ही झाडांची नावे ज्यांच्या भाषांतून इंग्रजीत आली, ज्यांनी होडीसाठी काढलेल्या सालीचे व्रण मरी नदीकाठच्या रेड गमवर आजही दिसतात, त्यांना या कथेत एवढीच जागा मिळते. लॉसन मला फार मोठा लेखक वाटतो, आणि म्हणूनच ही उणीव अधिक खुपते. रानाची गोष्ट त्याने रान जाणणाऱ्यांना बाजूला ठेवून सांगितली, आणि तीच पुढे राष्ट्राची गोष्ट म्हणून मान्य झाली.

मुलांच्या पुस्तकांत झाडांकडे अधिक जवळून पाहिले गेले. मे गिब्सने नीलगिरीच्या टोपीसारख्या बोंडांतून आपली गमनट बाळे घडवली आणि १९१८ साली बँक्सिया या तिकडच्या झाडाच्या वाळलेल्या, केसाळ, जागोजाग तोंड उघडलेल्या शंकूंतून खलनायक केले. बँक्सियाच्या अनेक जातींत ही तोंडे वणव्याच्या आचेने उघडतात आणि बी बाहेर पडते. झाडाचे इतके बारीक निरीक्षण असल्यावर राक्षस वेगळा शोधावा लागत नाही.

लॉसनच्या कथेतील उणीव ज्यांच्या लेखनाने मला खऱ्या अर्थाने दाखवली, त्या कवयित्री म्हणजे ऊजरू नूनुकल. १९६४ साली त्यांचा पहिला संग्रह आला. मूलनिवासी कवीचा प्रकाशित झालेला तो पहिलाच कवितासंग्रह होता. शहरातल्या रस्त्यावर डांबराने वेढलेल्या एका गम ट्रीवर त्यांची छोटी कविता आहे. त्या झाडाला कवयित्री गाडीला जुंपलेल्या, खच्ची केलेल्या घोड्याची उपमा देतात आणि शेवटी त्याला आपला सहनागरिक म्हणून हाक मारतात. तेव्हा त्या कॅथ वॉकर या नावाने लिहीत. ऑस्ट्रेलियात इंग्रजी वसाहतीची द्विशताब्दी साजरी होण्याच्या सुमारास त्यांनी ते नाव टाकले आणि आपल्या लोकांच्या भाषेतले 'ऊजरू' हे नाव घेतले. त्याचा अर्थ पेपरबार्क, म्हणजे ज्या झाडाची साल कागदासारख्या पापुद्र्यांनी सुटते, ते झाड.