छत्रीबंदी

परवा सकाळी ऑफिसला निघताना सोसायटीच्या गेटवर माझी छत्री जप्त झाली. पोलिसांनी नाही, आमच्या माजी सेक्रेटरी काकांनी. मृग कोरडा गेला, आर्द्रा लागल्या तरी आकाश नुसतंच धुरकट, बोअर आटलेली, रोज टँकर, आणि ह्या सगळ्याचं कारण काकांनी शोधून काढलं होतं. कारण म्हणजे मी.

काका सगळ्यांना फ्लॅट नंबरने हाक मारतात, नाव विचारायच्या भानगडीत पडत नाहीत.

"काय हो तीनशेचार, छत्री?"

"हो काका, संध्याकाळी येईल म्हणतायत."

"तुम्ही छत्री घेऊन निघालात तर कसा येईल?"

मला वाटलं गंमत करतायत, म्हणून मी हसले. काकांनी शर्टाच्या खिशातून डायरी काढली. त्यात तारखेवार नोंदी. कोण छत्री घेऊन गेलं, कोणी गाडी धुतली, कोणी गच्चीवर गादी टाकली, आणि पुढे पाऊस आला की नाही ते. माझ्या नावापुढे, म्हणजे नंबरापुढे, ओळीने फुल्या.

मग मला गेटवरच अख्खं शास्त्र ऐकावं लागलं. छत्री नेली की पाऊस पळतो. गाडी धुतली की येतो, पण स्वतः धुतली तर. पोऱ्याकडून धुऊन घेतली तर शिंतोड्यांवर भागतं. पापड वाळत घातले की मध्यम सरी. आणि कुरडया? "कुरडई म्हणजे ब्रह्मास्त्र हो. आमची आई मे महिन्यात गच्चीवर कुरडया घालायची, दुपारी वळीव ठरलेला. हल्ली सगळ्यांना रेडिमेड पाहिजे, मग पाऊस कुठून येणार?"

रेनकोट चालतो का, असं मी विचारलं. (विचारायला नको होतं, बस चुकली.) काकांनी खरंच विचार केला. "डिकीत असला तर चालतो. वरून दिसत नाही."

"अहो पण अख्खं पुणं छत्री घेऊन फिरतंय."

"पुण्याचं मला सांगू नका. टँकर आपल्याला लागतो."

मी म्हटलं, काका, हवामान खात्याचा अंदाज आहे. तर म्हणाले, "खात्यातले लोक ऑफिसला छत्री घेऊनच जातात ना?" ह्यावर काय बोलणार. खरं सांगायचं तर तिथे मी मनातल्या मनात थोडी हरले.

एवढ्यात वॉचमनमामा म्हणाले की त्यांच्या गावाकडे पाऊस लांबला की धोंडी काढतात, एकाला कडुलिंबाचा पाला गुंडाळून दारोदार फिरवतात आणि बायका त्याच्यावर पाणी ओततात. काका त्यांच्याकडे दयेने बघून म्हणाले, "ही अंधश्रद्धा झाली."

मग मी पण पेटले. म्हटलं डायरी नको, विज्ञान घ्या, पाऊस पाडायला ढगात विमानातून मीठ नाहीतर सिल्व्हर आयोडाइड सोडतात, २०१५ साली औरंगाबादहून तेच केलं होतं, आणि इथल्याच पाषाणच्या आयआयटीएम ह्या हवामान संशोधन संस्थेने सोलापूरला प्रयोग करून साधारण १८ टक्के जास्त पाऊस पडल्याचं दाखवलंय, पण त्याला मुळात वर ढग लागतो, नसलेल्या ढगातून कोणी काही काढू शकत नाही. काका शांतपणे म्हणाले, "तेच म्हणतोय मी. ढग तुमच्या छत्रीला घाबरून आले नाहीत." आणि माझ्या हातातली छत्री काढून घेऊन मामांच्या खुर्चीमागे टांगली.

अर्थात संध्याकाळी तो आला. कसा आला म्हणता, बसस्टॉपपासून गेटपर्यंत येईस्तोवर माझ्या चपलांत तळं, सॅकमध्ये लॅपटॉप ओला, आणि काका बाल्कनीत चहा पीत मला अंगठा दाखवतायत. ग्रुपवर मेसेज आलेला: "३०४ यांच्या सहकार्याबद्दल आभार." खाली सत्तावीस नमस्कार. माझी छत्री खुर्चीमागे नव्हती. काकांनी ती घेऊन मामांना दूध आणायला पाठवलं होतं, आणि परत आली तेव्हा तिची एक काडी मोडलेली. मी विचारलं, काका, छत्रीने पाऊस जातो ना? तर म्हणे, "एकदा आल्यावर चालते."

ह्या जादूंमध्ये हीच मेख असते, पाऊस आणायची कळ सगळ्यांकडे, थांबवायची आणि भरपाईची कोणाकडेच नाही. भोपाळकरांनी निदान जबाबदारी घेतली. २०१९ ला जुलैत पाऊस यावा म्हणून बेडकांचं लग्न लावलं, सप्टेंबरात पाऊस आवरेना तेव्हा रीतसर घटस्फोट दिला. आणि अमेरिकेत १९१६ साली हॅटफिल्ड नावाचा पाऊसवाला होता, त्याला सॅन दिएगो शहराने मोरेना धरण भरून दिलंस तर १० हजार डॉलर देऊ म्हणून सांगितलं. त्याने मनोरा उभारून त्यावरून कसलीतरी रसायनं हवेत सोडली, मग असा पाऊस झाला की मोरेना भरलं आणि दुसरं एक धरण फुटून माणसं गेली. हा पैसे मागायला गेला तर शहर म्हणालं, पाऊस तुझा असेल तर नुकसान पण तुझंच. मला हा युक्तिवाद फार आवडला. ग्रुपवर लिहिलं, काका, श्रेय घेताय तर लॅपटॉपच्या दुरुस्तीचं बिल पण पाठवते. काकांनी हसऱ्या तोंडाची तीन चित्रं टाकली. बाकी सगळे गप्प. नमस्कारवाले सत्तावीस कुठे गेले कोण जाणे.

आणि आता खरं काय डोक्यात जातं ते सांगते. एवढा पाऊस पडला त्यातला तांब्याभर पण आमच्या बोअरला मिळाला नाही. बिल्डरने गच्चीवरचं पाणी जमिनीत सोडायला पाइप करून दिलाय, सक्ती असते म्हणून. तो पाइप पाल्याने आणि कबुतरांच्या घरट्याने तुंबलाय, खालच्या खड्ड्यावर कोणाची तरी जुनी स्कूटर उभी आहे, आणि गच्चीवरचं पाणी सरळ पार्किंगमधून गटारात जातं. मी मागच्या मीटिंगला हे बोलले होते. प्लंबर पंधराशे म्हणाला, तर जास्त होतात म्हणून विषय पुढे ढकलला. टँकरला मात्र कोणी जास्त म्हणत नाही.

काल सकाळी भर पावसात टँकर आला. काका खाली उभे राहून तो आत घेत होते, मागे घ्या, मागे घ्या, डावीकडे. मी पाइपचं काढलं तर म्हणाले बघू हो, पाऊस कमी झाला की. मग आवाज खाली आणून विचारलं, "तुमच्या सासूबाई कुरडया घालतात का हो?"