गाभाऱ्यात एलईडी कशाला?

देवळात गेल्यावर ‘काय शांत वाटतं ना!’ असं म्हणून आपण सगळं श्रेय देवाला देऊन मोकळे होतो. माझ्या मते निम्मं श्रेय पाथरवटाचं आहे.

आमच्या नाशिकच्या सीतागुंफेत उतरून बघा. अंग चोरून, वाकून, जवळजवळ बसत सरकावं लागतं. रविवार कारंजावरचा ट्रॅफिक, साहेबांचा मेसेज, सगळं विसरायला होतं, कारण डोकं आपटू नये एवढीच चिंता उरते. पांडवलेणीतलं 18 नंबरचं चैत्यगृह, म्हणजे बौद्धांचं प्रार्थनागृह, त्याहून हुशार. दोनेक हजार वर्षांपूर्वी डोंगर कोरणाऱ्यांनी उजेड कुठून घ्यायचा हे नेमकं ठरवलंय: दार आणि त्यावरची कमानदार खिडकी, बस्स. उन्हात पायऱ्या चढून धापा टाकत आत शिरलं की आधी काहीच दिसत नाही. डोळे सरावतात तशी खांबांची दुहेरी रांग दिसते, मग टोकाचा स्तूप. माझा एक मित्र कट्टर नास्तिक, पण तिथे तोही कुजबुजत बोलत होता.

म्हणून भक्ती खोटी असं मी म्हणत नाही. पण ‘जागेतच एनर्जी असते’ हेही मला पटत नाही. काळाराम मंदिराचा उंच दगडी तट मला लहानपणापासून आधार वाटत आलाय, कारण मला कुणी दारात अडवलं नाही. 2 मार्च 1930 ला दलितांना आत प्रवेश मिळावा म्हणून बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रही त्याच तटापाशी गेले, तेव्हा चारही दारं बंद होती. त्यांचे सहकारी दादासाहेब गायकवाडांनी तो लढा पुढे वर्षानुवर्षं लावून धरला. शेवटी 13 ऑक्टोबर 1935 ला, याच जिल्ह्यातल्या येवल्यात, बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केलं. दगड तोच, राम तोच. मग ती एनर्जी तटाबाहेर का नव्हती पोचत?

म्हणजे जागेला पावित्र्य देणारी माणसंच. आणि घालवणारीही! आमच्या भागातल्या जुन्या देवळाचा नुकताच ‘जीर्णोद्धार’ झाला. भिंतींना बाथरूमसारख्या टाइल्स, गाभाऱ्यात डोळ्यांवर येणारा पांढरा एलईडी, आणि आरतीला बटण दाबलं की ढोल-घंटा बडवणारं यंत्र. शेजारी उभ्या आजींची आरती मला ऐकू येत नाही, त्यांना माझी नाही. वर्गणी मीही दिलीय, तेव्हा बोलायचा हक्क आहे.

2027 चा सिंहस्थ कुंभमेळा तोंडावर आहे. गोदाघाटावरच्या देवळांना हात लावण्याआधी ठरवणाऱ्यांनी दिवे बंद करून दहा मिनिटं आत उभं राहावं. आणि आमच्या विश्वस्तांनी ते यंत्र तेवढं विकून टाकावं. समईच्या तेलाची तरी सोय होईल.