दोरखंडाची पाव मैलाची इमारत

तुमच्या गोदीवरच्या लेखात १९८४ साली इंग्लंडातल्या चॅथमची नौदल गोदी बंद झाली आणि 'पुढे तिथे संग्रहालय झाले' एवढ्यावरच विषय आटोपलाय. ते काही पटलं नाही. मागच्या उन्हाळ्यात तिथे गेलो होतो. खरी गंमत आहे ती दोरखंडाच्या कारखान्यात! सुमारे पाव मैल लांबीची सरळसोट विटांची इमारत, दुसरं टोक धड दिसतही नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधलेली, आणि आजही तिथे विक्रीसाठी दोर वळले जातात. आत शिरताच तागा-डांबराचा वास नाकात बसतो. पीळ बसत जातो तसा दोर आखडतो, म्हणून एका टोकाचा गाडा आपोआप पुढे सरकत येतो. मुलं तर तिथून हलेचनात. नौदलाच्या दोरात चोरी ओळखू यावी म्हणून एक वेगळा धागा विणत, हेही तिथेच कळलं.

व्हिक्टरी हे प्रसिद्ध लढाऊ जहाज इथलंच, १७६५ चं. बाकीच्या गोदीत घरं, विद्यापीठ वगैरे आलंय.

आणि हो, आपल्या मुंबई गोदीत वाडियांनी सागवानात बांधलेलं १८१७ चं ट्रिंकोमाली हे लढाऊ जहाज आजही इंग्लंडात हार्टलपूलला पाण्यावर उभं आहे. त्यावरही लिहा की एकदा.