१०१ चा दाखला आणि १०७ चा लिलाव

सहकारी संस्थेच्या थकबाकीपोटी झालेला एखादा लिलाव कोर्टाने रद्द केला की इथे लगेच दोन तट पडतात. 'गरिबाला न्याय मिळाला' आणि 'बुडव्यांचं फावलं'. मी सहकाराची कामं चालवतो. संस्थेकडूनही उभा राहिलोय, कर्जदाराकडूनही. माझ्या पाहण्यात जे लिलाव मोडले, ते कर्जदार हुशार निघाला म्हणून नव्हे, तर वसुलीच्या घाईत कायद्याच्या पायऱ्या गाळल्या म्हणून मोडले.

पतसंस्थेला वसुलीसाठी दिवाणी दावा लढवावा लागत नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम १०१ खाली निबंधकाकडे अर्ज करायचा, चौकशी होते, वसुली दाखला निघतो. हा दाखला थकबाकीचा अंतिम आणि निर्णायक पुरावा मानला जातो. मग कलम १५६ आणि १९६१ च्या नियमांतला नियम १०७ : मागणी नोटीस, जप्ती, जाहीर लिलाव. दाखला मान्य नसेल तर कलम १५४ खाली पुनरीक्षण, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून त्याची फेरतपासणी, आहे, पण त्यासाठी वसूलपात्र रकमेच्या निम्मे पैसे आधी संस्थेत भरावे लागतात.

ही निम्म्याची अट मला पटत नाही. जामीनदार म्हणतोय की सही माझी नाही, किंवा कर्जदार म्हणतोय की भरलेले हप्ते खात्यावर जमाच दिसत नाहीत. त्याने आधी निम्मे भरायचे आणि मग बोलायचं? बँकांना कोर्टात न जाता तारण विकू देणाऱ्या सरफेसी कायद्यातली ७५ टक्के रक्कम आधी भरण्याची अट सुप्रीम कोर्टाने २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात रद्द केली. तिथे पहिल्याच दारात पैसे मागितले जात होते, इथे पुनरीक्षणात मागतात, हा फरक मला मान्य आहे. पण १०१ ची चौकशी एक-दोन तारखांत गुंडाळली गेली असेल, तर त्या जामीनदारासाठी पुनरीक्षण हीच पहिली खरी सुनावणी असते.

आता नोटिशीचं बघा. एका फाईलमध्ये पंचनामा होता, "कर्जदार घरी मिळून आला नाही, सबब नोटीस दरवाजावर डकवली." खाली दोन पंचांच्या सह्या. दोघेही त्याच संस्थेचे पिग्मी एजंट! कर्जदार त्या दिवशी बायकोच्या ऑपरेशनसाठी मुंबईच्या दवाखान्यात होता, त्याचे कागद त्याच्याकडे होते. दवंडीचाही पंचनामा होता, फक्त दवंडी कोणी दिली त्याचं नाव नाही आणि सहीही नाही. विक्रीची नोटीस लिलावाच्या किमान ३० दिवस आधी वसुली अधिकाऱ्याच्या आणि तालुक्याच्या कार्यालयात लावायची, गावात दवंडी द्यायची, हे नियमातच लिहिलंय. ही औपचारिकता नाही. चार गिऱ्हाईकं जमली तरच भाव येतो. गावाला कळलंच नाही तर एकच ठरलेला माणूस बोली लावतो आणि जमीन मातीमोल जाते.

किती जमीन विकायची, यातही तीच घाई. देणं भागेल तेवढीच मालमत्ता विकावी, हे सुप्रीम कोर्टाने १९८९ मध्ये अंबाटी नरसय्या प्रकरणात दिवाणी हुकूमनाम्याच्या लिलावाबाबत सांगितलं. तरी एकराने भागत असताना अख्खा गट लिलावात काढलेला मी पाहिलाय. त्या गटात बहिणींचाही हिस्सा असतो. गहाणखतावर एकट्या भावाची सही, बहिणींची नावं सातबाऱ्यावर कधी चढलीच नाहीत. हिंदू कुटुंबाच्या वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीचा हक्क जन्मतःच आहे, हे २०२० च्या विनीता शर्मा निकालानंतर तरी कोणी विसरू नये. अशा हिस्सेदाराला जप्तीवर हरकत घेता येते आणि वसुली अधिकाऱ्याने त्या हरकतीची चौकशी करायलाच हवी. पण बहिणीला कळतं कधी? घेणारा मोजणी आणतो तेव्हा.

लिलावानंतर हातात ३० दिवस असतात. थकबाकी व्याज-खर्चासह आणि घेणाऱ्यासाठी खरेदीच्या रकमेवर ५ टक्के भरून विक्री रद्द करून घेता येते. नाहीतर गंभीर अनियमितता, चूक किंवा फसवणूक दाखवायची आणि तिच्यामुळे मोठं नुकसान झालं हेही सिद्ध करायचं. लोक हे दिवस पुढाऱ्यांच्या दारात घालवतात. मग दिवाणी कोर्टात मनाईला जातात, तिथे अशा वादात दिवाणी कोर्टाला अधिकारच नाही म्हणणारं कलम १६३ आडवं येतं. हायकोर्टात गेलं की विचारतात, कायद्यातला मार्ग का वापरला नाही? तोवर विक्री कायम झालेली असते आणि घेणारा म्हणतो, मी रोख पैसे मोजलेत.

नाशिकमध्ये २०२३ साली जिल्हा बँकेच्या वसुलीविरुद्ध शेतकरी रस्त्यावर आले, तेव्हा बँकेत अडकलेल्या ठेवीदारांचाही संताप खराच होता. मुलीच्या लग्नाची ठेव अडकलेल्या माणसाला मी कायद्याची कलमं ऐकवणार नाही. पण सदोष लिलाव दहा वर्षं कोर्टात लटकला, तर त्याचेही पैसे लटकतात. आणि मोठ्यांचं काय? साताऱ्यातल्या जरंडेश्वर साखर कारखान्याचा २०१० चा लिलाव कमी किमतीत आणि योग्य प्रक्रिया न पाळता झाला, असा आरोप करून ईडीने त्यावर जप्ती आणली ती २०२१ मध्ये. साध्या कर्जदाराच्या लिलावाची फाईल अकरा वर्षांनी कोण उघडणार?

म्हणून माझी मागणी आहे की पंच संस्थेबाहेरचे असावेत, नोटीस डकवतानाचा तारीख-ठिकाणासह फोटो फाईलला लागावा आणि मूल्यांकनाची प्रत विक्रीच्या नोटिशीसोबतच कर्जदाराला आणि जामीनदाराला मिळावी. ज्यांच्या घरी १०१ ची नोटीस आली आहे त्यांनी पाकीट आजच फोडा. कर्जखात्याचा पूर्ण उतारा लेखी मागा, तारखेला स्वतः हजर राहा, म्हणणं लेखी द्या आणि त्यावर आवक क्रमांकासह पोच घेतल्याशिवाय तिथून हलू नका.