डेल्फीची पिथिया नशेत बरळत नव्हती

भाचीने काल रात्री एक व्हिडिओ पाठवला. खाली लिहिलं होतं, "मावशी, प्रकल्पात हेच घालू ना?" धुराने भरलेलं देऊळ, डोळे फिरवणारी बाई आणि मागे घोगरा आवाज: प्राचीन ग्रीसमधल्या डेल्फीला गूढ पुजारणींचा पंथ होता, जमिनीतून येणाऱ्या वायूच्या नशेत त्या बरळत, पुरुष पुजारी त्या बरळण्याचा अर्थ लावून राजांना विकत, त्यांचं एकही भाकीत कधी चुकलं नाही आणि एका ख्रिस्ती सम्राटाच्या हुकुमाने तो पंथ एका रात्रीत नाहीसा झाला. याआधीही दोघांनी हाच व्हिडिओ पाठवला होता, तेव्हा सोडून दिलं. आता तो शाळेच्या वहीत उतरणार म्हटल्यावर राहवेना.

नशेत बरळणं आणि कधीच न चुकणं, दोन्ही एकाच दमात सांगताना त्या घोगऱ्या आवाजाला काहीच कसं वाटलं नाही, कोण जाणे.

आधी बरळण्याचं बघू, कारण सगळ्यात जास्त राग त्याचाच आहे. डेल्फीच्या कारभाराबद्दल ज्याचं ऐकावं असा माणूस म्हणजे ग्रीक लेखक प्लुटार्क. इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकात तो स्वतः तिथल्या अपोलोच्या देवळात पुजारी होता. पिथिया, म्हणजे कौल देणारी बाई, बेभान झाल्याचं वर्णन त्याने केलंय, पण एकाच प्रसंगाचं, आणि तो प्रसंग पुरता बिघडलेला होता. कौल घेण्याआधी बकऱ्यावर गार पाणी ओतायची रीत होती. बकरा अंगभर थरथरला तर देवाची परवानगी, नाहीतर त्या दिवशी कौल नाही. त्या वेळी परदेशातून बडे पाहुणे आले होते आणि बकरा काही थरथरेना. त्यांना रिकाम्या हाताने कसं पाठवायचं, म्हणून पुजारी पाणी ओततच राहिले. बकरा जवळजवळ बुडाला तेव्हा कुठे शहारला. पिथियाला मनाविरुद्ध आत जावं लागलं. पहिल्याच उत्तरांना तिचा आवाज घोगरा झाला, मग ती किंचाळत दाराकडे धावली आणि जमिनीवर कोसळली. पाहुणे पळाले, निकान्डर नावाचा पुजारीही पळाला. थोड्या वेळाने परत येऊन त्यांनी तिला उचललं. काही दिवसांत ती गेली.

नियम मोडून एका बाईला आत ढकललं, त्यात तिचा जीव गेला, आणि व्हिडिओवाल्यांच्या लेखी तेच तिचं रोजचं काम!

पुरुष पुजारी अर्थ लावत, हे तर ग्रीक इतिहासकार हिरोडोटसच्या एका गोष्टीतच कोसळतं. स्पार्टाच्या क्लिओमेनीस राजाला त्याच्याबरोबर राज्य करणारा दुसरा राजा डेमरेटस गादीवरून उतरवायचा होता. त्याने डेल्फीतला एक वजनदार माणूस हाताशी धरला आणि त्याच्यामार्फत पेरिअल्ला या पिथियाकडून हवा तसा कौल मिळवला. पुढे बिंग फुटलं, त्या माणसाला डेल्फी सोडावी लागली आणि पेरिअल्लाचं पद गेलं. उत्तर पुजारीच बनवत असते तर पिथियाला वळवायची गरजच काय होती?

वायूचं मात्र अगदीच हवेतलं नाही, हे नाइलाजाने मान्य करते. २००१ साली भूगर्भशास्त्रज्ञांनी देवळाखाली एकमेकींना छेदणाऱ्या भ्रंशरेषा, म्हणजे खडकातल्या भेगा, दाखवल्या आणि जवळच्या झऱ्याच्या पाण्यात इथिलीन हा गुंगी आणू शकणारा वायू सापडल्याचं छापलं. पण ते अत्यल्प होतं, आणि तेवढ्याने कोणाला नशा चढणार नाही असा आक्षेप नंतर इतर संशोधकांनी घेतला. देवळात मधूनच सुगंध दरवळतो, असं प्लुटार्कही लिहितो. मात्र कधी येईल याचा नेम नाही, आणि येतो तोही प्रश्न विचारणारे बसतात त्या खोलीत. वास सगळ्यांना आला, बदनाम बाई झाली.

भाकीत चुकलं नाही म्हणे. इ.स.पू. ४८० च्या सुमारास इराणी फौजा येताहेत म्हणून अथेन्सच्या लोकांनी कौल लावला, तर उत्तर आलं की सगळं सोडून पळा. ते त्यांना पटलं नाही. ते पुन्हा विनवायला गेले आणि 'लाकडी भिंत' तारेल असं दुसरं उत्तर घेऊन आले. भिंत म्हणजे जहाजं, असा अर्थ अथेन्सचा नेता थेमिस्टोक्लीसने लावला आणि सॅलॅमिसची समुद्रातली लढाई जिंकली. पहिल्या उत्तराचं काय करायचं? लिडियाचा राजा क्रीसस इराणवर चालून जायच्या बेतात होता, त्याला तर 'तू चाल केलीस तर एक मोठं साम्राज्य नष्ट होईल' असं सांगितलं होतं. नष्ट झालं ते त्याचंच. असं न चुकणारं भाकीत मीही सांगते, प्रकल्पाला किती गुण मिळतील ते विचारा.

पंथबिंथ काही नव्हता. प्लुटार्कच्या काळची पिथिया गरीब शेतकऱ्याच्या घरात वाढलेली, न शिकलेली बाई होती.

राहिली ती 'एका रात्रीत'. व्हिडिओतला तो ख्रिस्ती सम्राट म्हणजे रोमचा थिओडोशियस, आणि त्याचे हुकूम खरे आहेत. ३९१-३९२ मध्ये त्याने साम्राज्यभर देवळांतली पूजा आणि बळी बंद केले. पण प्लुटार्क त्याच्या अडीचशेहून जास्त वर्षं आधीचा, आणि कौल का बंद पडत चालले यावर त्याने तेव्हाच आख्खा संवाद लिहून ठेवलाय. पूर्वी डेल्फीत दोन पिथिया आळीपाळीने बसत, तिसरी राखीव असे. आता एकच आहे आणि तेवढी पुरते, असं त्यात म्हटलंय. कारणही साधं: माणसंच उरली नाहीत. एकट्या मेगारा शहराने एकेकाळी इराण्यांविरुद्धच्या प्लॅटियाच्या लढाईला ३,००० शिपाई पाठवले होते, आता सगळ्या ग्रीसला मिळून तेवढे जमवणं कठीण. विचारायला येणारेच आटले, तर तीन-तीन बायका बसवून काय करायचं?

भाचीला उत्तर पाठवलंय: व्हिडिओ नको. चित्र काढायचंच असेल तर धुराचं काढू नकोस, त्या भिजलेल्या बकऱ्याचं काढ.